ब्रायन क्लफचा गुडघा: खेळाडूचा मॅनेजर होतो म्हणजे नक्की काय होतं?

मागच्या दिवाळीत मामांकडे गेले होते. "तुझं ते फुटबॉलचं संशोधन कुठवर आलं?" असं त्यांनी विचारलं आणि मी उत्साहाने ब्रायन क्लफबद्दल सांगायला लागले. दोन वेळा युरोपियन कप जिंकणारा मॅनेजर, तोंडाळ, हट्टी, टीव्हीवर कुणाचीही भीड न ठेवणारा. त्याआधी खेळाडू म्हणून लीगच्या 274 सामन्यांत 251 गोल. आणि मग ऐन सत्ताविशीत गुडघा गेला, खेळ संपला.

मामांनी सगळं ऐकून घेतलं आणि एकच प्रश्न विचारला: "गुडघा गेल्यावर पगार कोण देत होतं?"

मामा तरुणपणी मुंबईत एका ऑफिसच्या टीमकडून खेळायचे. त्यांचाही गुडघा असाच गेला. पण त्यांना नोकरी होती. मैदान सुटलं तरी टेबल सुटलं नाही, आणि अठ्ठावन्नाव्या वर्षी पेन्शन सुरू झालं. आपल्याकडे अनेक वर्षं फुटबॉल असाच चालला: बँका, रेल्वे, कंपन्या यांच्या टीम, आणि खेळाडू म्हणजे आधी नोकरदार. इंग्लंडमधल्या व्यावसायिक खेळाडूचं तसं नव्हतं. त्याची नोकरी म्हणजे त्याचे पायच.

मामांच्या प्रश्नाचं उत्तर शोधता शोधता माझ्या प्रबंधाच्या तिसऱ्या प्रकरणाची मांडणी बदलली. ती कशी बदलली, ते या पोस्टमध्ये सांगते. फुटबॉलची फार माहिती नसली तरी चालेल.

क्लफ खेळाडू होता तेव्हाचं इंग्लंड

क्लफचा जन्म 21 मार्च 1935 चा, इंग्लंडच्या ईशान्येकडल्या मिडल्सब्रो या कारखान्यांच्या गावातला. घरात भावंडं भरपूर. वडील मिठाईच्या कारखान्यात कामाला होते. शाळेत अकराव्या वर्षी होणारी निवड परीक्षा तो नापास झाला. पुढे आयसीआय या रसायन कंपनीत कारकुनी केली, दोन वर्षं सक्तीची लष्करी सेवा हवाई दलात केली, आणि 1955 मध्ये मिडल्सब्रो क्लबकडून पहिला लीग सामना खेळला. पुढच्या सहा वर्षांत त्याने या क्लबसाठी लीगच्या 213 सामन्यांत 197 गोल केले. हे सगळं दुसऱ्या डिव्हिजनमध्ये. इंग्लंडकडून तो फक्त दोन सामने खेळला, दोन्ही ऑक्टोबर 1959 मध्ये, आणि त्यांत एकही गोल नाही.

आता पगाराचं बघू. त्या काळात इंग्लंडमध्ये खेळाडूच्या पगाराला कमाल मर्यादा होती. शेवटी शेवटी ती हंगामात आठवड्याला 20 पौंड होती. म्हणजे तुम्ही चाळीस गोल करा नाहीतर चार, क्लबला त्याहून जास्त द्यायला परवानगीच नव्हती. जिमी हिलच्या नेतृत्वाखाली खेळाडूंच्या युनियनने संपाची धमकी दिली आणि जानेवारी 1961 मध्ये ही मर्यादा उठली.

दुसरा नियम याहून जाचक. करार संपला तरी खेळाडूची नोंदणी क्लबकडेच राहायची. क्लबने "सोडत नाही" म्हटलं की दुसरीकडे खेळता येत नसे. क्लफने मिडल्सब्रोकडे क्लब बदलण्यासाठी अनेकदा अर्ज दिले आणि ते फेटाळले गेले. शेवटी जुलै 1961 मध्ये तो शेजारच्या संडरलंडला गेला. नोंदणीच्या या पद्धतीला कोर्टात तडाखा बसला तो 1963 मध्ये, जॉर्ज ईस्टहॅमच्या खटल्यात.

थोडक्यात, गोल करणारा माणूस लोकांच्या नजरेत हिरो होता, पण कागदोपत्री क्लबच्या मालमत्तेच्या जवळपास जाणारी वस्तू होता. पुढचं सगळं समजायला एवढं पुरे.

26 डिसेंबर 1962

ख्रिसमसच्या दुसऱ्या दिवशीचा सामना. संडरलंडचं रोकर पार्क मैदान, समोर बरी हा संघ. त्या वर्षीचा हिवाळा इंग्लंडच्या विसाव्या शतकातल्या सगळ्यात कडक हिवाळ्यांपैकी एक होता, आणि मैदान गोठलेलं होतं. क्लफने त्या हंगामात तोवर लीगमध्ये 24 गोल केले होते. एका लांब पासच्या मागे धावताना तो बरीच्या गोलकीपरवर आदळला. गुडघ्याचे लिगामेंट फाटले. बरीचा बॉब स्टोको तिथे होता. क्लफ नाटक करतोय असं तो रेफरीला म्हणाला, अशी आठवण क्लफने जन्मभर सांगितली आणि स्टोकोला कधी माफ केलं नाही.

आज अशा दुखापतीनंतर शस्त्रक्रिया होते आणि खेळाडू बहुधा वर्षभरात परत येतो. 1962 मध्ये ती सोय नव्हती. क्लफ रोकर पार्कच्या पायऱ्या चढत-उतरत पाय बळकट करायचा प्रयत्न करत राहिला. त्या हंगामात संडरलंडची पहिल्या डिव्हिजनमधली बढती गोलसरासरीवर हुकली. पुढच्या हंगामात ती मिळाली, पण क्लफ मैदानाबाहेर होता. सप्टेंबर 1964 मध्ये तो परतला, तीन सामने खेळला, एक गोल केला, आणि थांबला. पहिल्या डिव्हिजनमधला त्याचा तो एकमेव गोल. तो झाला लीड्सविरुद्ध. लीड्स हे नाव लक्षात ठेवा.

तर मामांचा प्रश्न: पैसे कोणाला मिळाले? विम्याची रक्कम मिळाली ती क्लबला. क्लफच्या वाट्याला आला एक मदतीचा सामना आणि काही काळ क्लबच्या ज्युनियर मुलांना शिकवायचं काम. ते काम देणाऱ्या मॅनेजरची, जॉर्ज हार्डविकची, हकालपट्टी झाली आणि पाठोपाठ क्लफचीही. वय तीस, घरी बायको आणि लहान मूल, आणि हातात खेळाशिवाय दुसरं कसब नाही.

ऑक्टोबर 1965 मध्ये तो चौथ्या डिव्हिजनच्या तळाला असलेल्या हार्टलपूल्स युनायटेडचा मॅनेजर झाला. त्या वेळी लीगमधला सगळ्यात तरुण मॅनेजर.

इथे एक सावधगिरी

क्लफवरच्या बहुतेक लिखाणात पुढचं वाक्य ठरलेलं असतं: दुखापतीने खेळाडू हिरावला पण मॅनेजर दिला. मीही पहिल्या मसुद्यात तेच लिहिलं होतं. माझ्या मार्गदर्शक मॅडमनी समासात एवढंच लिहिलं, "हे कुणी, कधी म्हटलं?"

प्रश्न बरोबर होता. ही सगळी वाक्यं क्लफ यशस्वी झाल्यानंतरची आहेत. त्याची आत्मचरित्रं आली 1994 आणि 2002 मध्ये, म्हणजे तीस-चाळीस वर्षांनी. यशस्वी माणूस मागे वळून बघतो तेव्हा त्याला प्रत्येक खड्डा पायरीसारखा दिसतो. ज्यांचा गुडघा गेला आणि जे पुढे काहीच झाले नाहीत, त्यांची आत्मचरित्रं कुणी छापत नाही.

शिवाय मॅनेजर होण्याची तयारी आधीपासून चालू होती. मिडल्सब्रोमध्ये पीटर टेलर नावाचा गोलकीपर होता, क्लफपेक्षा वयाने मोठा. दोघं तासन्‌तास फुटबॉलवर बोलत बसायचे: कोण कुठे चुकतो, कोणाला कुठे खेळवावं. हार्टलपूल्सला जाताना क्लफने टेलरलाच सोबत घेतलं. संडरलंडचे कडक शिस्तीचे मॅनेजर ॲलन ब्राऊन यांच्याकडून शिस्तीचे धडेही त्याने खेळाडू असतानाच घेतले होते.

मग दुखापतीने नक्की काय केलं? माझं उत्तर असं आहे: तिने क्लफला खेळाडू आणि क्लब यांच्यातला व्यवहार उघडा करून दाखवला. तिशीच्या आतच त्याला कळलं की या धंद्यात ज्याच्या हातात निर्णय नाही, त्याच्या हातात काहीच नाही.

मॅनेजर की मुकादम?

आज मॅनेजर म्हणजे संघाचा सर्वेसर्वा असं आपण गृहीत धरतो. पण इंग्लंडमध्ये ही कल्पना तशी उशिरा रुजली. बऱ्याच क्लबांत आधी संचालक मंडळच संघ निवडायचं. 1920 आणि 30 च्या दशकांत हर्बर्ट चॅपमनने हडर्सफील्ड आणि आर्सेनलमध्ये ती सूत्रं आपल्याकडे घेतली. इंग्लंडचा राष्ट्रीय संघ तर आल्फ रॅमसे येईपर्यंत, म्हणजे 1960 च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत, समिती निवडत होती.

या पदाचं वर्णन करायला मला नेमका शब्द सापडत नव्हता. मग गिरणगावावरचं वाचन आठवलं. मुंबईच्या गिरण्यांमध्ये जॉबर असायचा, मुकादम. तो कामगारांतूनच वर आलेला. माणसं तोच आणायचा, बऱ्याचदा आपल्या गावाकडची, नात्यातली. मालकाला तो हवा असायचा कारण माणसं त्याचं ऐकायची, आणि माणसांना तो हवा असायचा कारण मालक त्याचं ऐकायचा. दोन्हीपैकी एक बाजू सुटली की त्याची किंमत शून्य.

इंग्लिश फुटबॉलचा मॅनेजर म्हणजे हुबेहूब मुकादम असं मी म्हणत नाही. पण ही चौकट लावली की क्लफच्या कारकिर्दीतल्या गोष्टी एका ओळीत येतात.

हार्टलपूल्समध्ये पैसा नव्हता. क्लफने संघाची बस चालवायचा परवाना काढला आणि कामगारांच्या क्लबांत फिरून निधी गोळा केला. अध्यक्ष अर्नी ऑर्डने टेलरला आणि त्याला काढायचं ठरवलं, तेव्हा क्लफने जायला चक्क नकार दिला. बाकीचं मंडळ क्लफच्या बाजूने उभं राहिलं आणि जावं लागलं ते अध्यक्षाला. 1967 मध्ये संघ आठव्या स्थानावर आला.

तिथून दोघं डर्बी काउंटीला गेले, दुसऱ्या डिव्हिजनमध्ये. आता माणसं कशी जमवली बघा. संडरलंडमधला ओळखीचा जॉन ओ'हेअर आणला. हार्टलपूल्समध्ये सोळाव्या वर्षी खेळायला लागलेला जॉन मॅकगव्हर्न आणला. टॉटनहॅममधून तेहेतीस वर्षांचा डेव्ह मॅके आणला, ज्याला लोक संपलेला समजत होते. 1969 मध्ये दुसरी डिव्हिजन जिंकली आणि 1972 मध्ये डर्बी इंग्लंडचा विजेता झाला. विजेतेपद नक्की झालं तेव्हा डर्बीचे सामने आटपले होते. खेळाडू स्पेनमध्ये मायोर्का बेटावर सुट्टीला गेले होते आणि क्लफ आईवडिलांना घेऊन सिली बेटांवर.

मग ऑक्टोबर 1973. क्लफच्या टीव्हीवरच्या बोलण्यावरून आणि अधिकारांवरून अध्यक्ष सॅम लाँगसनशी जुंपली. क्लफ आणि टेलरने राजीनामे दिले आणि, बहुधा त्यांच्या अंदाजाविरुद्ध, मंडळाने ते स्वीकारले. खेळाडूंनी त्यांना परत घ्या असं पत्र दिलं, संपाची भाषा केली. गावात निषेध मोर्चे निघाले. उपयोग झाला नाही. मंडळाने मॅनेजर म्हणून आणला तो डेव्ह मॅके, क्लफचाच जुना खेळाडू! आणि 1975 मध्ये डर्बी पुन्हा विजेता झाला. माणसं बाजूने होती, पण मालक नव्हता.

चव्वेचाळीस दिवस

जुलै 1974 मध्ये बरोबर उलटं झालं. क्लफ लीड्स युनायटेडचा मॅनेजर झाला. मालकांनी बोलावून नेलं होतं, पण माणसं डॉन रेव्हीची होती. रेव्हीच्या या संघावर क्लफने कित्येक वर्षं जाहीर टीका केली होती. पहिल्याच बैठकीत त्याने विजेत्या खेळाडूंना तुमची पदकं कचऱ्यात टाका असं सुनावलं, ही आठवण अनेक खेळाडूंनी सांगितली आहे. टेलर या वेळी सोबत आला नव्हता. मॅकगव्हर्न आणि ओ'हेअरला क्लफने इथेही आणलं, आणि लीड्सच्या प्रेक्षकांनी मॅकगव्हर्नची हुर्यो उडवली. सहा लीग सामन्यांत एकच विजय. 12 सप्टेंबरला, चव्वेचाळिसाव्या दिवशी, क्लफची हकालपट्टी.

त्या बैठकीतला एक प्रसंग मी प्रकरणाच्या मधोमध ठेवला आहे. एडी ग्रे हा लीड्सचा विंगर, अत्यंत गुणी पण सतत जायबंदी. क्लफ त्याला म्हणाला की तू शर्यतीचा घोडा असतास तर एव्हाना तुला गोळी घातली असती. ग्रेने त्याला आठवण करून दिली की दुखापतीने खेळ तर तुझाही संपला होता.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक बाजूला ठेवलं. ज्याला हे सगळ्यात आधी कळायला हवं, तोच असं कसं बोलतो?

पण हा एकच प्रसंग नाही. क्लफला जखमी खेळाडू डोळ्यांसमोर नको असायचे, असं त्याच्या हाताखाली खेळलेल्या अनेकांनी सांगितलं आहे. 1979 च्या युरोपियन कप फायनलचं उदाहरण घ्या. मार्टिन ओ'नील आणि आर्ची गेमिल दुखापतीतून उठत होते. तुम्ही फिट आहात का, असं त्याने विचारलं. दोघं हो म्हणाले. छान, म्हणाला, आणि दोघांनाही खेळवलं नाही. गेमिल त्यानंतर क्लब सोडून गेला.

सोसलेल्या माणसाला दुसऱ्याचं दुखणं कळतं असं आपण मानतो. क्लफच्या बाबतीत ते खरं ठरत नाही. मला वाटतं, जखमी खेळाडूत त्याला रोकर पार्कच्या पायऱ्या चढणारा क्लफ दिसत असावा, आणि तो त्याला बघवत नसावा. पण हा माझा अंदाज झाला. कागदांवरून एवढंच सिद्ध होतं की मैदानावर न उतरणारा माणूस त्याच्या हिशेबात नव्हता. हाच हिशेब संडरलंडने त्याच्याबाबतीत केला होता.

एक फरक मात्र होता. लीड्सने क्लफला काढलं तेव्हा त्याच्या हातात घसघशीत भरपाई पडली. चव्वेचाळीस दिवसांच्या मॅनेजरला जे मिळालं, ते 251 गोल करणाऱ्या खेळाडूला मिळालं नव्हतं. खेळाडूचा मॅनेजर होतो म्हणजे काय होतं, याचं सगळ्यात कोरडं उत्तर हे आहे.

फॉरेस्ट, आणि नंतर

जानेवारी 1975 मध्ये तो नॉटिंगहॅम फॉरेस्टला आला. संघ दुसऱ्या डिव्हिजनमध्ये मध्यावर होता. मॅकगव्हर्न आणि ओ'हेअर पुन्हा आले, आणि 1976 मध्ये टेलरही. 1977 मध्ये बढती, 1978 मध्ये थेट इंग्लंडचं विजेतेपद, मग सलग 42 लीग सामने न हरता. मे 1979 मध्ये म्युनिकला माल्मोविरुद्ध ट्रेव्हर फ्रान्सिसच्या गोलवर युरोपियन कप, आणि पुढच्या वर्षी माद्रिदला हॅम्बुर्गविरुद्ध जॉन रॉबर्टसनच्या गोलवर पुन्हा तोच कप. दोन्ही वेळा 1-0. दोन्ही वेळा कप उचलणारा कर्णधार कोण? हार्टलपूल्सचा तो सोळा वर्षांचा पोरगा, जॉन मॅकगव्हर्न.

क्लफ स्वतःला समाजवादी म्हणवायचा. खाणकामगारांच्या बाजूने बोलायचा, वंशद्वेषी राजकारणाविरुद्ध उभा राहिला, आणि इंग्लंडकडून खेळलेला पहिला कृष्णवर्णीय सीनियर खेळाडू व्हिव्ह अँडरसन याच फॉरेस्ट संघातला. पण जस्टिन फॅशानू समलिंगी असल्याचा संशय आल्यावर क्लफने त्याला ज्या प्रकारे वागवलं, ते त्याने स्वतःच लिहून ठेवलं आहे आणि ते वाचवत नाही. ही एका माणसाची दोन रूपं मला वेगळी काढता येत नाहीत, आणि प्रबंधातही मी ती काढलेली नाहीत.

टेलरशी त्याचं 1983 मध्ये फाटलं, तेही एका खेळाडूच्या, रॉबर्टसनच्या, ट्रान्सफरवरून. टेलर 1990 मध्ये गेला तोवर दोघं बोलले नव्हते. 1993 मध्ये फॉरेस्ट पहिल्या श्रेणीतून खाली घसरला आणि क्लफ निवृत्त झाला. दारूने शरीर पोखरलं होतं. जानेवारी 2003 मध्ये यकृताचं प्रत्यारोपण झालं, आणि 20 सप्टेंबर 2004 ला तो गेला. डर्बी आणि नॉटिंगहॅम या एकमेकांना पाण्यात पाहणाऱ्या दोन गावांमधल्या रस्त्याला आज त्याचं नाव आहे.

त्याचे पुतळे तीन गावांत आहेत. डर्बीत तो टेलरसोबत उभा आहे, नॉटिंगहॅममध्ये मॅनेजर म्हणून. मिडल्सब्रोमधला मात्र तरुण खेळाडू आहे, खांद्यावर बूट टाकून मैदानाकडे निघालेला. माझं प्रकरण या तिसऱ्या क्लफबद्दल आहे, आणि बाकीचे दोघं त्याचा हिशेब कसा चुकता करत राहिले याबद्दल.

मामांना फोन करून उत्तर सांगितलं: विम्याचे पैसे क्लबला गेले. ते थोडा वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हणजे मीच बरा सुटलो की गं." आणि लगेच विचारलं, "पण 251 गोल म्हणालीस ना? 274 सामन्यांत?"

हो मामा. 274 सामन्यांत.